नाताळचे फेरफार

डिसेंबर लागला की दोन दावे हमखास फिरू लागतात. पहिला असा : २५ डिसेंबर हा रोमन सूर्यदेवाचा दिवस, चर्चने तो बळकावला, झाड जर्मन वृक्षपूजकांचं, भेटी देण्याची रीत सॅटर्नालिया या रोमन उत्सवाची आणि सांताक्लॉजचा लाल डगला एका शीतपेयाच्या कंपनीचा. दुसरा नेमका उलटा : नाताळ दोन हजार वर्षं जसाच्या तसा चालत आला आहे. पहिल्याला वाटतं, मूळ परकं दाखवलं की सण खोटा ठरला. दुसऱ्याला वाटतं, मूळ नाकारलं की सण वाचला. भांडण जोरात असलं तरी दोघांचं गृहीतक एकच आहे. सणाची जमीन कुणाच्या तरी नावावर आहे आणि सातबारा उघडला की मालक सापडतो, असं दोघंही धरून चालतात.

नाताळच्या इतिहासाची कागदपत्रं वाचली तर मालकाचं नाव कुठेच मिळत नाही. मिळतात ते फेरफार : कोणत्या साली, कोणत्या गावात, कुणी, कशासाठी काय बदललं. सणाविषयी जाहीरपणे बोलणाऱ्याने आधी हे फेरफार वाचावेत, असं माझं ठाम म्हणणं आहे. ते वाचायला श्रद्धा लागत नाही आणि अश्रद्धाही लागत नाही, तारखा नीट तपासाव्या लागतात.

सुरुवात तारखेपासूनच करू. २५ डिसेंबर ही ख्रिस्तजन्माची तारीख म्हणून पहिल्यांदा ज्या कागदावर दिसते, तो इ.स. ३५४ साली रोममध्ये तयार झालेला एक संग्रह आहे. फिलोकालस नावाच्या सुलेखनकाराने तो व्हॅलेंटिनस नावाच्या माणसासाठी केला. मूळ प्रत हरवली आहे; आज हातात आहेत त्या बऱ्याच नंतरच्या नकला. या एकाच बाडात रोमचं सरकारी कॅलेंडर आहे, रोमच्या बिशपांच्या निधनतिथींची यादी आहे आणि हुतात्म्यांची यादीही आहे. हुतात्म्यांच्या यादीची पहिलीच ओळ २५ डिसेंबरची : यहुदियातल्या बेथलेहेमात ख्रिस्त जन्मला.

आता बिशपांची यादी पाहा. तिच्यातल्या तिथी वर्षक्रमाने लावल्या आहेत. २७ डिसेंबरपासून सुरू होऊन पुढच्या ८ डिसेंबरपर्यंत. ३१ डिसेंबर ३३५ रोजी वारलेले सिल्व्हेस्टर आपल्या जागी बरोबर बसतात. पण ऑक्टोबर ३३६ मध्ये वारलेले मार्कस आणि ३५२ साली वारलेले ज्युलियस हे दोघे क्रम मोडून अगदी शेवटी चिकटवलेले आहेत. म्हणजे मूळ यादी सिल्व्हेस्टरच्या मृत्यूनंतर आणि मार्कसच्या मृत्यूआधी तयार झाली, पुढची दोन नावं मागाहून जोडली गेली. दोन्ही याद्यांचं वर्ष डिसेंबरच्या अखेरीला, २५ तारखेच्या बिंदूवर सुरू होतं. म्हणून इतिहासकार म्हणतात की रोममध्ये ३३६ साली हा दिवस पाळला जात होता. चिकटवलेल्या दोन नावांवरून तारीख अठरा वर्षं मागे नेता येते, आणि तेवढीच नेता येते.

त्याच बाडातल्या सरकारी कॅलेंडरमध्ये २५ डिसेंबरला दुसरी नोंद आहे : अजिंक्याचा ‘नातालिस’, रथांच्या शर्यती ३०. अजिंक्य म्हणजे सोल इन्विक्टस, सूर्यदेव, असं बहुतेक अभ्यासक मानतात. ‘नातालिस’ म्हणजे जन्मदिवस, पण देवळाच्या स्थापनेच्या वर्धापनदिनालाही रोमन लोक हाच शब्द वापरत. (हाच शब्द पोर्तुगीजांच्या ‘नाताल’मधून आपल्याकडे येऊन ‘नाताळ’ झाला.) दावा करणारे या ओळीकडे बोट दाखवतात, आणि ओळ खरीच आहे. अडचण अशी की सूर्यदेवाच्या २५ डिसेंबरचाही हाच सर्वांत जुना लेखी पुरावा. सम्राट ऑरेलियनने २७४ साली सूर्याचं भव्य देऊळ बांधलं, हे पक्कं आहे. त्याचं उद्घाटन २५ डिसेंबरला झालं असं सांगणारा त्या काळचा कागद नाही. याच कॅलेंडरमध्ये सूर्याचे ऑक्टोबरमधले खेळ अधिक मोठे दिसतात, तिथे शर्यती ३६ आहेत. तेव्हा ‘आधी सूर्य, मग ख्रिस्त’ हा क्रम या कागदातून निघत नाही. दोन्ही नोंदी एकाच जिल्दीत आहेत आणि कोणी कोणाकडून घेतलं हे ती जिल्द सांगत नाही.

मग ही तारीख आली कुठून? १८८९ या एकाच वर्षी दोन विद्वानांनी दोन उत्तरं मांडली. जर्मनीत हेर्मान उझेनरने सूर्योत्सवाचं उत्तर बळकट केलं. फ्रान्समध्ये लुई द्युशेनने हिशेबाचं उत्तर दिलं. हिशेब असा : लॅटिन ख्रिस्ती परंपरेत ख्रिस्ताचा मृत्यू २५ मार्चचा धरत, टर्टुलियन हा ख्रिस्ती लेखक इ.स. २०० च्या सुमारास ही तारीख देतो. गर्भधारणाही त्याच तारखेला झाली, असं मानलं जाई. पुढे संत ऑगस्टिन ते स्पष्ट लिहितो. २५ मार्चला नऊ महिने मिळवले की २५ डिसेंबर. पूर्वेकडे मृत्यूची तारीख ६ एप्रिल धरणारे होते. तिथून नऊ महिन्यांनी ६ जानेवारी येतो, आणि आर्मेनियन चर्च आजही जन्म ६ जानेवारीलाच साजरा करतं. दोन्ही तारखा एकाच सूत्राने सुटतात, हे या उत्तराचं बळ. त्याची उणीव अशी की ३३६ च्या आधी कुणी हा हिशेब डिसेंबरपर्यंत नेऊन लिहिलेला निर्विवादपणे सापडत नाही. इ.स. २०० च्या आसपास अलेक्झांड्रियाचा क्लेमेंट लोकांनी सुचवलेल्या जन्मतारखा नोंदवतो. त्यांत एप्रिल आहे, मे आहे, २५ डिसेंबर नाही.

मला हिशेबाचं उत्तर अधिक पटतं, कारण ६ जानेवारीचं कोडं सूर्योत्सवाने सुटत नाही. पण सूर्य या गोष्टीत नव्हताच, असं म्हणणंही चूक ठरेल. रोमन लोक २५ डिसेंबर हाच उत्तरायणाच्या आरंभाचा दिवस धरत. खरं अयन चौथ्या शतकात २१ डिसेंबरच्या आसपास होत होतं, कारण रोमनांच्या ज्युलियन कॅलेंडरचं वर्ष खऱ्या वर्षापेक्षा सुमारे ११ मिनिटांनी मोठं होतं. आपली मकरसंक्रांतही उत्तरायणाच्या खऱ्या दिवसापासून अशीच तीन आठवड्यांहून अधिक दूर गेली आहे. तिथलं कारण संपातचलनाचं (पृथ्वीचा अक्ष हळूहळू फिरण्याचं), म्हणजे वेगळं, पण दिवस सरकला तरी अर्थ तारखेलाच चिकटून राहतो हा अनुभव तोच. पाचव्या शतकात पोप लिओ रागावून सांगतात की नाताळला येणारे काही ख्रिस्ती सेंट पीटरच्या पायऱ्या चढून गेल्यावर मागे वळतात आणि उगवत्या सूर्याला मान लववतात. सूर्य लोकांच्या अंगवळणी होता, एवढं या तक्रारीतून कळतं. तारीख तिथूनच उचलली, हे कळत नाही.

पूर्वेकडची एक नोंद तर दुसरा दावा खोडायला पुरेशी आहे. ३८६ साली अँटिऑकमध्ये धर्मोपदेशक जॉन क्रिसोस्टम प्रवचनात सांगतो की हा दिवस आपल्याकडे माहीत होऊन दहा वर्षंही झालेली नाहीत. ऐकणाऱ्यांतल्या काहींची कुरकुरच ही होती की हे नवीन खूळ आहे. ज्या शहरात ‘ख्रिस्ती’ हे नाव पहिल्यांदा वापरलं गेलं असं बायबल सांगतं, तिथे नाताळ चौथ्या शतकाच्या शेवटच्या चरणात पश्चिमेकडून आला.

इथे पद्धतीबद्दल थोडं सांगायला हवं. लोक दरवर्षी जे सहज करतात ते कुणी लिहून ठेवत नाही. लिहितो तो पैसे मोजणारा, चिडलेला किंवा बंदी घालणारा. म्हणून सणाच्या इतिहासात हिशेबाच्या वह्या, रागाची प्रवचनं आणि मनाईचे हुकूम यांना फार मोल आहे. गोव्यात १७३६ साली इन्क्विझिशनने, म्हणजे पोर्तुगीजांच्या धर्मन्यायालयाने, काढलेला हुकूम घ्या. नवख्रिस्ती घरांनी अंगणात तुळस लावू नये, लग्नात वधूवरांना उटणं लावू नये, विडे देऊ नयेत, हिंदूंसारखा बिनमिठाचा भात शिजवू नये, अशी बारीक यादी त्यात आहे. ती घरं त्या वेळी काय करत होती, याची इतकी तपशीलवार नोंद प्रेमाने कुणी केली नसती. पण असा कागद वाचताना एक धरून चालावं लागतं : मनाई दिसली म्हणजे प्रथा होती हे कळतं, ती किती जुनी होती हे कळत नाही, आणि मनाईनंतर थांबली असंही नाही. गोव्याच्या कॅथलिक लग्नात नारळाच्या रसाचा ‘रोस’ आजही आहे.

हीच पद्धत झाडाला लावू. आजच्या फ्रान्समधल्या अल्सास प्रांतातल्या सेलेस्टा गावाच्या १५२१ सालच्या हिशेबात एक खर्च आहे : सेंट थॉमसच्या दिवशी, म्हणजे २१ डिसेंबरला, झाडं राखण्यासाठी वनरक्षकांना ४ शिलिंग. लोक सणासाठी जंगल तोडत होते आणि गावाला राखण ठेवावी लागली. त्या ओळीतला शब्द ‘मायेन’ म्हणजे सणाची हिरवी झाडं किंवा फांद्या. ती घरात उभी करत की दारावर लावत, हे ओळ सांगत नाही, म्हणून ‘१५२१ चा पहिला ख्रिसमस ट्री’ ही पाटी थोडी घाईची आहे. घरातलं सजवलेलं झाड नि:संशय दिसतं ते १६०५ च्या एका नोंदीत, जवळच्याच स्ट्रासबर्ग शहरात. लोक दिवाणखान्यात फरची झाडं उभी करतात आणि त्यांवर रंगीत कागदाचे गुलाब, सफरचंदं, पातळ वेफर, सोनेरी वर्ख आणि साखर टांगतात. सफरचंदांना कारण आहे. २४ डिसेंबर हा आदाम-हव्वेचा दिवस धरला जाई आणि त्या कथेच्या नाटकात सफरचंदांचं झाड लागे. १६४० च्या दशकात त्याच शहरातला धर्मशास्त्री डानहाउअर चिडून लिहितो की लोक घरात झाड आणून त्यावर बाहुल्या आणि साखर लटकवतात, ही चाल कुठून आली ते आपल्याला ठाऊक नाही, हा पोरखेळ आहे. ज्या शहरातून झाडाचा सर्वांत जुना सविस्तर पुरावा येतो, तिथल्याच विद्वानाला चार दशकांनी त्याचा उगम सांगता येत नव्हता. आज फोनवर तो दोन ओळींत सांगितला जातो.

‘जर्मन वृक्षपूजा’ या दाव्याची कसोटी इथेच लागते. आठव्या शतकात ख्रिस्ती धर्मप्रचारक बोनिफेसने जर्मन लोकांच्या देवाचा ओक तोडला, अशी कथा त्याच्या जुन्या चरित्रात आहे. तो ओक होता, त्याच्या लाकडाचं प्रार्थनाघर झालं; फरचं झाड त्या कथेत नाही, ते पुष्कळ नंतर घुसवलं गेलं. त्या ओकापासून सेलेस्टाच्या हिशेबापर्यंत सुमारे ८०० वर्षं जातात. एवढ्या काळात घरात झाड आणण्याची एकही तक्रार, एकही मनाई, एकही खर्च सापडत नसेल, तर साखळी तुटलेली आहे असंच म्हणावं लागतं. मधल्या शतकांतले पाद्री बारीकसारीक चालीरीतींवर तुटून पडत होते. हे झाड त्यांच्या नजरेतून सुटलं असतं, हे मला पटत नाही.

झाडाचा पुढचा प्रवास कागदाचा आहे. इंग्लंडात व्हिक्टोरिया राणीचा नवरा अल्बर्ट याने ते आणलं असं म्हणतात. प्रत्यक्षात शार्लट राणीने १८०० सालीच विंडसरला मुलांसाठी यू जातीचं झाड सजवलं होतं. मात्र दरबारातली चाल घरोघर पोचली ती एका चित्रामुळे. डिसेंबर १८४८ मध्ये लंडनच्या एका सचित्र साप्ताहिकाने राजघराण्याचं चित्र छापलं : टेबलावर मेणबत्त्यांनी उजळलेलं झाड, फांद्यांना टांगलेला खाऊ, भोवती राणी, अल्बर्ट आणि मुलं. दोन वर्षांनी, १८५० मध्ये, फिलाडेल्फियाच्या एका महिला मासिकाने हेच चित्र पुन्हा कोरून छापलं. कोरणाऱ्याने राणीच्या डोक्यावरचा मुकुट काढला. अल्बर्टची मिशी काढली, छातीवरची पदकं आणि पट्टा काढला. झाड, टेबल, मुलं तशीच ठेवली. एवढ्या खाडाखोडीने इंग्लंडचं राजघराणं अमेरिकेतलं एक सुखवस्तू कुटुंब झालं, आणि वाचकांना वाटलं, हे तर आपल्यासारख्याच घरातलं झाड. परंपरा कशी घडते हे पाहायचं असेल तर ही दोन चित्रं शेजारी ठेवावीत.

सांताक्लॉजबद्दल थोडक्यात. लाल डगला आणि पांढरी फर त्या शीतपेयाच्या १९३१ च्या जाहिरातींच्या आधीच अमेरिकन नियतकालिकांत दिसते; चित्रकार हॅडन संडब्लोमच्या जाहिरातींतल्या चित्रांनी रूप जगभर पक्कं केलं, जन्माला घातलं नाही. खरा फेरफार त्याच्या शंभर वर्षं आधी न्यूयॉर्कमध्ये झाला. १८१० मध्ये जॉन पिंटार्डने तिथल्या इतिहास मंडळाच्या ६ डिसेंबरच्या मेजवानीसाठी संत निकोलसचं चित्र छापवून घेतलं. त्यात बिशपच्या वेषातला निकोलस आणि दोन मुलं, एक शहाणं, एक रडणारं. १८२३ मध्ये न्यूयॉर्क राज्यातल्याच ट्रॉय गावातल्या वर्तमानपत्रात आलेल्या एका निनावी कवितेने त्याला आठ रेनडियर दिले आणि नाताळच्या आदल्या रात्री धुराड्यातून उतरवलं. इतिहासकार स्टीफन निसेनबॉम यांनी याचं जे स्पष्टीकरण दिलं ते मला अतिशय महत्त्वाचं वाटतं. जुना नाताळ रस्त्यावरचा होता. गरीब, नोकर, उमेदवार कारागीर टोळ्यांनी श्रीमंतांच्या दारी जात, गाणी म्हणत आणि खाणंपिणं हक्काने मागत. शहर वाढलं, कामगारांची गर्दी वाढली, तशी श्रीमंतांना त्या दारावरच्या थापेची धास्ती वाटू लागली. नवा नाताळ घराच्या आत गेला. देणं तसंच राहिलं, घेणारा बदलला : दारातल्या गरिबाऐवजी घरातलं मूल. सॅटर्नालियाच्या भेटींचा दावाही इथेच कोलमडतो. तो उत्सव १७ डिसेंबरला सुरू होऊन २३ पर्यंत चाले, त्यात मेणबत्त्या आणि मातीच्या बाहुल्या देत, हे खरं. पण मधली कित्येक शतकं युरोपात भेटींचे दिवस प्रामुख्याने नववर्ष आणि संत निकोलसचा दिवस होते. २५ डिसेंबरकडे त्या वळल्या त्या एकोणिसाव्या शतकात.

आता ‘हा सण मुळात पाखंड्यांचा’ या दाव्याचेच फेरफार वाचू, कारण त्यालाही जन्मसाल आहे आणि तो ख्रिस्ती घरातच वाढला. इंग्लंडात प्युरिटनांच्या, म्हणजे कडव्या प्रोटेस्टंटांच्या, संसदेने जून १६४७ मध्ये नाताळ रद्द केला. बायबलमध्ये या दिवसाचा आदेश नाही आणि ही कॅथलिक घाण आहे, असं त्यांचं म्हणणं. त्या डिसेंबरात कँटरबरीच्या महापौराने दुकानं उघडी ठेवायला लावली आणि गावात दंगल झाली. मॅसॅच्युसेट्समध्ये १६५९ साली नाताळ पाळणाऱ्याला ५ शिलिंग दंडाचा कायदा झाला, तो १६८१ पर्यंत टिकला. १६८७ मध्ये बोस्टनचा धर्मोपदेशक इनक्रीज मॅदर लिहितो की ख्रिस्त डिसेंबरात जन्मला म्हणून हा दिवस ठरला नाही, रोममध्ये तेव्हा सॅटर्नालिया चाले म्हणून ठरला. पुढे १८५० च्या दशकात स्कॉटलंडचा पाद्री अलेक्झांडर हिस्लॉप याने नाताळ थेट बाबिलोनच्या निमरोद या बायबलमधल्या राजापर्यंत नेला. पुरावा म्हणजे नावांची जुळवाजुळव, आणि हेतू कॅथलिक चर्चला मूर्तिपूजक ठरवणं. स्कॉटलंडमध्ये नाताळ सार्वजनिक सुट्टी झाला तो १९५८ साली. आपल्याकडे जे लोक हिंदू अभिमानाने किंवा नास्तिक चिकित्सेने निमरोदचा संदेश पुढे पाठवतात, ते एका प्रोटेस्टंट पाद्र्याची कॅथलिकांवरची टीका पाठवत असतात. हे त्यांना माहीत असायला हवं, असं मला मनापासून वाटतं.

असे दावे तपासताना चूक कुठे होते हे आता दिसतं. साम्य दिसलं की वंश जोडला जातो. वसईत डिसेंबरमध्ये दारावर चांदणी लागते आणि दिवाळीत आकाशकंदील. दोन्हींत बांबूच्या काड्या, कागद आणि आत दिवा. म्हणून एकातून दुसरा आला असं म्हणायचं झालं तर आधी दोन्हींची पहिली नोंद हवी, मधली साखळी हवी आणि तोच कारागीर दोन्ही करत होता याचा पुरावा हवा. शिवाय दुसरं साधं स्पष्टीकरण पुरतं का, तेही पाहावं लागतं. जर्मनीतल्या नीस्की इथे मोरावियन या प्रोटेस्टंट पंथाच्या शाळेत १८३० च्या दशकात भूमितीच्या धड्यासाठी कागदी तारा करत होते, ही नोंद आहे. तिथून चांदणीकडे यायचं तरी साखळी लागेलच. नाताळची नेवरी आणि दिवाळीची करंजी यांचं वेगळं आहे : एकच पदार्थ, एकच प्रदेश, शेजारची दोन घरं. तिथे कुणी कुणाकडून चोरलं हा प्रश्नच लागू होत नाही.

यावर कुणी म्हणेल, एवढी काटेकोर तपासणी कशाला, लोक सण करतात ते आनंदासाठी. आनंदाला तपासणी लागत नाही, हे मान्य. पण ‘हा तुमचा नाहीच’ असं एखाद्या समाजाला सांगण्यासाठी जेव्हा इतिहास वापरला जातो, तेव्हा पुरावा मागणं हे शेजाऱ्याचं कर्तव्य आहे. उशिरा जन्म झाला म्हणून सण हलका होत नाही, हे मराठी माणसाला वेगळं सांगायला नको. सार्वजनिक गणेशोत्सवाच्या आजच्या रूपाची सुरुवात आपण १८९३ धरतो, टिळकांचा हेतूही उघडपणे सांगतो, आणि त्याने मांडवातली गर्दी कमी होत नाही. नाताळच्या झाडाला १६०५ आणि न्यूयॉर्कच्या सांताला १८२३ म्हणताना वेगळा न्याय कशाला?

खुद्द बेथलेहेममध्ये, ख्रिस्तजन्माच्या गुहेवर उभ्या असलेल्या चर्चच्या एकाच आवारात, नाताळ दरवर्षी तीनदा होतो. कॅथलिकांचा २५ डिसेंबरला. ज्युलियन कॅलेंडर पाळणाऱ्या ग्रीक ऑर्थोडॉक्सांचा ७ जानेवारीला, त्यांच्या पंचांगात तेव्हा २५ डिसेंबरच असतो. आणि आर्मेनियनांचा १९ जानेवारीला, म्हणजे जुन्या पंचांगातल्या ६ जानेवारीला. प्रत्येक मिरवणूक आपापल्या दिवशी चौकातून येते आणि त्याच बुटक्या दारातून वाकून आत जाते.